बेटामागची वाट

आदरणीय अध्यक्ष मुख्य अभियंता साहेब, व्यासपीठावरच्या मालवाहू बोट संघटनेच्या अध्यक्षा, आज निवृत्त होणारे आमचे मोजणीकाका, काकू, आणि जलमार्ग कचेरीतल्या माझ्या सहकाऱ्यांनो,

आज एकतीस तारीख. अठरा वर्षांत मी या माइकसमोर कधी उभी राहिले नाही, त्याबद्दल माफी मागते. गेले पंधरा दिवस गप्प बसले, त्याची तर मागायलाच हवी.

आपलं गाव समुद्रापासून तीनशे किलोमीटर आत. तरी लोक त्याला बंदर म्हणतात, ते कुणामुळे? नदीमुळेच ना? वरच्या अकरा गावांना ना रेल्वे, ना धड रस्ता. त्यांचं धान्य, औषधं, सिमेंट, सगळं पाण्यावरून जातं. आणि पाणी उतरलं की बेटाजवळच्या वळणावर बोटी गाळात रुतून बसतात.

काका तीन वर्षं सांगत होते, "नदीने बेटामागून वाट काढलीय." बोट चालवणारे आमचे दादा विचारायचे, "तुमच्या कानात येऊन सांगितलं का तिनं?" काका म्हणायचे, "तिला ओरडायची सवय नाही."

मोजायला गेले मी. काकांचा नियम तुम्हाला ठाऊक आहे: एकाने आकडा म्हणायचा, दुसऱ्याने परत म्हणायचा, मगच लिहायचा. पाण्यावर मी तो पाळला, टेबलावर नाही. पाणी पार उतरल्यावर किती उरेल हे काढायला पाण्याच्या मोजलेल्या खोलीतून धक्क्यावरच्या पातळीपट्टीचा आकडा वजा करतात. पुरानंतर बसवलेली नवी पट्टी एक मीटर खालून सुरू होते, म्हणून तिचा आकडा मीटरभर जास्त येतो. तो जादा मीटरही मी एकटीनेच वजा करून टाकला. नकाशावर वाट 'बंद' छापली गेली.

चूक पंधरा दिवसांपूर्वी सापडली. तेव्हाच का बोलले नाही? खात्री करायची होती म्हणून, असं मी स्वतःला सांगत राहिले. खरं म्हणजे भीती वाटत होती.

काल दादांबरोबर पुन्हा गेले. आकडेमोड दोघांनी केली. सर्वात उथळ जागी दोन पूर्णांक तीन मीटर! भरलेल्या बोटीला दोन पुरतात. दादा म्हणाले, "ताई, आधी म्हाताऱ्याचे पाय धरायचे की चहा घ्यायचा?" काकू हसतायत, हसू द्या.

साहेब, दुरुस्त नकाशा मी सोबत आणलाय. त्यावर मोजणी अधिकाऱ्याची सही लागते. काकांची सही आज साडेपाचपर्यंत चालते. आत्ता पाच बारा झालेत. उद्या त्या खुर्चीत मी असेन. शोध काकांचा, चूक माझी, आणि नाव माझं लागावं?

काका म्हणतायत, तपासल्याशिवाय सही नाही. तपासा. आम्ही थांबतो.

पाच सव्वीस. झाली. साहेब, तुमची मंजुरीही? मनापासून आभार.

आपण सगळ्यांनी खोळंबून ऐकलंत, ऋणी आहे. बोलण्यात कुणी दुखावलं असेल, मानापानात कुणी राहिलं असेल, तर पोटात घाला. उद्याचं एकच काम वहीत लिहिलंय, तेवढं वाचते: सकाळी सात, बेटामागच्या वाटेच्या तोंडाशी वाट दाखवणाऱ्या दोन तरंगत्या बोया टाकणे.