मार्सेल-सान टीव्हीवर दिसत होते

मंडळी, पुढे येऊन बसा. पहिल्या रांगेतल्या खुर्च्या मार्सेल-सानच्या नातेवाइकांसाठी ठेवल्या होत्या. फ्रान्समधल्या त्यांच्या बहिणीला या वयात प्रवास झेपणार नाही, आणि दुसरं कुणी नाही. म्हणून आपणच बसू या. मला बोलायची सवय नाही. लिहून आणलंय, तरी जमेल का, माहीत नाही.

इचिकावातल्या आमच्या इमारतीत ते सहा वर्षं आमच्या शेजारी राहिले. आमच्या नवऱ्यांना कॉम्प्युटरची कामं मिळाली आणि आपण इथे नव्याने आलो, तेव्हा कचरा वेगळा कसा करायचा हे मला त्यांनीच दाखवलं. तरुणपणी ते फ्रान्सच्या ज्युदो संघात होते. सरावासाठी जपानला आले, गुडघा गेला, आणि इथेच राहिले. मग टीव्ही मालिकांत काम मिळू लागलं. कधी रशियन हेर, कधी अमेरिकन कॅप्टन. फ्रेंच माणूस एकदाही नाही. हिरोने उचलून आपटायचं आणि यांनी पडायचं. दर शनिवारी याच हॉलमध्ये आपल्या मुलांनाही त्यांनी न लागता पडायला शिकवलं.

माझ्या मुलीने एकदा विचारलं, "तुम्ही दर वेळी मरता कशाला?"

"मेलेल्याला लवकर घरी सोडतात," ते म्हणाले. "हिरोला थांबावं लागतं."

आपण सगळे हसलो होतो. लवकर घरी येऊन ते एकटे काय करायचे, हे कुणी विचारलं?

ऑक्टोबरमध्ये एका सकाळी कचऱ्याच्या जागी भेटले. म्हणाले, "रविवारी घरी आहात का? थोडं बोलायचं होतं."

मी म्हटलं, "पाहुणे आहेत हो. पुढच्या रविवारी या की."

"हो, हो. पुढच्या रविवारी."

ते आले नाहीत. पण त्याच आठवड्यात त्यांची नवी मालिका सुरू झाली. दर मंगळवारी दिसायचे. जिन्यावरून गडगडत खाली यायचे, मुलं टाळ्या वाजवायची. शेजारी दिवा नसायचा. मी ह्यांना म्हटलं, "बघा, किती कामात आहेत." तुमच्यापैकीही अनेकांना तसंच वाटलं. ते चित्रण उन्हाळ्यातलं होतं, हे कुणाच्याच डोक्यात आलं नाही.

त्या सगळ्या मंगळवारी ते हॉस्पिटलमध्ये होते. गेल्यावर नर्सचा फोन आला. कुणाला कळवायचं, या रकान्यात त्यांनी माझं नाव लिहिलं होतं. आधी मात्र फोन करू दिला नाही. "त्यांच्याकडे पाहुणे असतात," म्हणाले.

मी रोज डायरी लिहिते. परवा मागची पानं काढली. तिसऱ्या मंगळवारी लिहिलंय, 'मार्सेल-सान दिसले. तब्येत छान.' खोडावंसं वाटलं. खोडलं नाही. हे तुम्हाला सांगून मी फक्त माझंच मन हलकं करतेय का, तेही मला कळत नाही.

आता त्यांच्यासाठी काय म्हणायचं? ते देव मानत होते का, मला माहीत नाही. कुठली प्रार्थना त्यांना आवडली असती, माहीत नाही. त्या रविवारी काय बोलायचं होतं, ते आता कळणार नाही. म्हणून आपण काहीच म्हणू नये. दोन मिनिटं नुसतं उभं राहू या.

मार्सेल-सान, आम्ही सगळे इथे आहोत.