सरांचा जामीन

आमच्या सरांना जामीन मिळाल्याचा सगळ्यात जास्त आनंद कुणाला झाला, माहितीये? जेलरला!

सर कामगार कायदा शिकवायचे आणि निवडणुकाही लढवायचे. नव्वदीनंतर कारखाने बंद पडायला लागले, तेव्हा एका मोर्चात अटक होऊन ते येरवड्याला गेले. मी जामिनाचे कागद घेऊन पोहोचलो, तर जेलर माझ्यावरच उखडले, "इतका उशीर? अहो, तुमच्या सरांनी माझ्या शिपायांची शिकवणी घेतली!"

सर शांतपणे म्हणाले, "उगाच घाबरताय. तुरुंगाच्या शिपायांना संप करता येत नाही, हे मी बजावलंय. हक्काची रजा कशी मागायची, एवढंच शिकवलं."

"तेच तर! उद्या सगळे रजेवर आहेत. पहारा कोण देणार? तुम्ही?"

"छे हो," सर चप्पल घालत म्हणाले, "मला आता जामीन मिळालाय."