अर्काडींच्या तोंडचं एक वाक्य

सन्माननीय अध्यक्ष रुओकोनेनसाहेब, व्यासपीठावरची मान्यवर मंडळी, आज निवृत्त होणारे आपले अर्काडी, त्यांच्या पत्नी क्सेनियाबाई, आणि स्टुडिओतल्या सगळ्या सुतार, शिंपी, नटमंडळींनो,

मी तौनो, आवाज खात्यातला. आमचं काम ऐकायचं, बोलायचं नाही. तेव्हा अडखळलो तर सांभाळून घ्या.

अर्काडी रशियातून हेलसिंकीला आले एकोणीसशे चोवीस साली. सिनेमात पहिलं वाक्य मिळायला आणखी दहा वर्षं गेली. नायिकेला म्हणायचं होतं, "उद्या भेटतो तुला." आता आपल्या फिनिश भाषेत 'तपान' म्हणजे भेटतो आणि 'तपन' म्हणजे ठार मारतो. फरक एका लांबवलेल्या 'आ'चा, आणि रशियन जिभेला तो लांबवता येईना. हातात फुलं घेऊन हे म्हणाले, "उद्या ठार मारतो तुला." दिग्दर्शकांनी विचारलं, "अहो, जीव लावताय की जीव घेताय?" सगळा सेट हसला. हेही हसले.

पण नशीब तिथंच ठरलं. पुढं सव्वीस वर्षं तस्कर, हेर, घोडेचोर. बोलणं सुधारलं तर दिग्दर्शक म्हणायचे, "जरा चुका की राव, लोकांना तेच हवंय." येत असून चुकीचं बोलायचं, ते किती वर्षं?

यंदा शेवटच्या चित्रपटात पहिल्यांदा ह्यांना फिनिश शेतकऱ्याचं काम मिळालं. वाक्य एकच, "हे शेत माझं आहे." तीन आठवडे जेवणाच्या सुट्टीत माझ्यासमोर बसून घोकायचे. "तौनो, खरं सांग हं, माणूस कुठला वाटतो?" मी म्हणायचो, "इथलाच." कॅमेऱ्यासमोर तर असं बोलले की मला माझा बाप आठवला.

ते वाक्य ऐकायला क्सेनियाबाईंनी आज शेजारीपाजारीही आणलेत. कॉफी आणि वेलदोड्याचा पाव झाला की लगेच चित्रपट आहे.

म्हणून आत्ताच सांगतो. सोमवारी वरून निरोप आला. चेहरा ओळखीचा आहे, त्यानं तोंड उघडलं की लोक हसणार, आवाज बदला. मी म्हटलं, अहो, बरोबर बोललेत ते. उत्तर आलं, "बरोबर बोलतो तेच विचित्र वाटतं." मग बदलला. मीच, ह्याच हातांनी.

काय म्हणालात, अर्काडी? माइकपासून लांब आहात.

कुणाचा लावला, असं विचारतायत. गोदामातल्या निलोचा.

हो, अर्धे शब्द गिळतो तो. खरं आहे. पण इथला आहे.

नाही, तुमच्या आवाजाची फीत नाही राहिली. ठेवायला हवी होती. पुसून त्याच फितीवर निलोचा घेतला.

बसा, अर्काडी. क्सेनियाबाई, तुम्हीही बसा ना.

तर, आयोजकांचे, कॉफी करणाऱ्या मंडळींचे आणि तुम्हा सगळ्यांचे आभार. बोलण्यात काही कमीजास्त झालं असेल तर सभेनं पोटात घालावं. जे केलं ते मात्र, अर्काडी, तुम्ही पोटात घालू नका.