वाळवीने खाल्लेला नकाशा

लिहा, भाईसाहेब — मंगळवार, सकाळचे अकरा वाजून दहा मिनिटं, करतारबाग, तिसरी गल्ली, स्वर्णकांता आनंदचं दुपट्टे रंगवायचं दुकान. चौदा महिन्यांनी सील तुटलं. हं, असंच लिहा, कोरडं. आणि आता पेन खाली ठेवा, लस्सी घ्या — नको? मग पेढा तरी! आज माझ्या दारातून तोंड गोड न करता गेलेला पत्रकार अजून जन्मायचाय. मघाशी मी गल्लीत नाचले, बघितलंत ना? सहासष्ट वर्षांची बाई! बघितलंत. त्या शेजारच्या मेल्या चड्ढाने व्हिडिओ काढलाय.

तुम्हाला म्हणून सांगते — आमच्याकडे पालिकेवाले बेकायदा बांधकाम म्हणून सील लावायला येतात, तेव्हा आधी समोसे खातात, मग हळूच विचारतात, "चाचीजी, मागचं दार कुठलं?" कशाला विचारतात? लाख लावायला? छे हो, सोडून द्यायला! पुढच्या शटरला लाल लाख, कोर्टासाठी फोटो, आणि मागून धंदा चालू. अख्ख्या गल्लीला ठाऊक. चड्ढाचा मोज्यांचा कारखाना वर्षभर सीलबंद होता, नि त्याच वर्षी त्याने वर मजला चढवला! आणि मी? मी शहाणी! मीच हाताला धरून नेलं इन्स्पेक्टरला, म्हटलं, "अहो, हे दार राहिलं, यालाही लावा." बिचाऱ्याने हातातला समोसा खाली ठेवला. लावलं मग. काय करील? आत तीन नवऱ्यामुलींचे दुपट्टे. त्यातल्या एकीचं लग्न झालं, मुलगा झाला, त्याचं नाव ठेवून झालं — आणि दुपट्टा आतच!

गेले कोर्टात. आमचे हे असते तर तेच गेले असते, पण त्यांना जाऊन सहा वर्षं झाली. पालिका म्हणाली, घराचा नकाशा मंजूर होता याचा पुरावा द्या. मी म्हटलं, आहे की, दुकानातल्या तिजोरीत. जजसाहेब म्हणाले, मग आणा. आणू कसा? सील! सील काढायला अर्ज केला, तर अर्जाला काय जोडा म्हणे? मंजूर नकाशा! — हसा, हसा, जजसाहेबही हसले. मग त्यांनी पालिकेला विचारलं, तुमच्या दप्तरातली प्रत कुठाय? तर प्रतिज्ञापत्र आलं — वाळवीने खाल्ली. माझा कागद वाळवीला घातला! काय शिव्या दिल्यात मी, विचारू नका.

शेवटी साहेबांनी एक वकीलबाई पाठवली कोर्टातर्फे — हिच्यासमोर उघडा, शोधा, यादी करा, शुक्रवारी माझ्यापुढे ठेवा. शुक्रवारी ठरणार, दुकान उघडं राहतं की परत लाख. पण आता ठरायचं काय राहिलंय? निघाला ना नकाशा! शिक्का, सही, तारीख, सगळं. दोन्ही नकाशे अगदी करकरीत, यांनी ठेवले होते तसेच —

काय? दोन? हो, दोनच... एक आमचा, आणि एक तो लाल शिक्क्याचा, 'कार्यालयीन प्रत' — अहो, ते यांचं काम! यांचा कुणावर म्हणून विश्वास नव्हता. म्हणायचे, कांता, दप्तरात राहिली तर उद्या कुणीतरी त्यात खाडाखोड करील. तिथल्या कारकुनाला पिन्नीच्या लाडवांचा डबा दिला नि उचलून आणली घरी. झाली की त्याला तीस वर्षं, मी तर विसरूनही — अगं बाई! नका, नका, ते लिहू नका. खोडा. दाखवा वही. खोडलंत?

तसं खोडून तरी काय. त्या वकीलबाईने यादीत लिहिलंय, माझ्यासमोर, ठळक अक्षरात — नकाशे, नग दोन. आणि खाली सही कुणाची? माझीच! पेढा खाता खाता केली. मागचं दार दाखवणारी बाई ती हीच, दुसरी कोण! हसू येतंय हो मला, काय करू? चौदा महिने ज्या कागदासाठी पालिकेच्या नावाने बोटं मोडली, तो माझ्याच तिजोरीत, यांच्या मफलरखाली.

राहू द्या. लिहा. लिहाच! शुक्रवारी साहेब विचारतील, "माताजी, पालिकेची प्रत तुमच्याकडे कशी?" मी सांगीन — पिन्नी. मग लावू देत पुन्हा लाख, लावायची तर. माझं उत्तर तरी तयार आहे. पण त्यानंतर ते मान वळवतील ना, पालिकेच्या बाजूला! ही घ्या प्रतिज्ञापत्राची झेरॉक्स. तुम्हीच वाचा, मला वाचवत नाही, हसून पोट दुखतं. 'नऊ मार्च रोजी दुपारी तीन वाजता मी स्वतः दप्तरात जाऊन सदर नकाशा पाहिला. त्याचा उजवा अर्धा भाग वाळवीने खाल्लेला आढळला.' उजवा अर्धा! शपथेवर! आणि सही बघा कुणाची — समोसेवाल्या इन्स्पेक्टरची.

चला, उठा आता, मला त्या मुलीचा दुपट्टा पोचवायचाय. पण एवढं नीट लिहा, कोरडं, सुरुवातीला लिहिलंत तसं — नऊ मार्चला दुपारी तीन वाजता तो नकाशा, डावा-उजवा अख्खा, माझ्या तिजोरीत होता. आणि दोन्ही दारांवर त्याच माणसाने लावलेली लाख होती.