विमलचा आवाज

सासरी छळ सोसणाऱ्या बायकांवर शैलाने माहितीपट केला होता. काल तो जामनेरच्या बायकांना दाखवून झाला, आज जळगावला दाखवायचा होता. एसटीत तिच्या पुढच्या सीटवर दोन म्हाताऱ्या बोलत होत्या.

"नर्मदाबाई, जळगावले काय काम काढलं वं?"

"सिनेमा पाह्याले चालली, अक्का. माही विमल हाये त्याच्यात."

"विमल? ते तर गेल्या सालीच विहिरीत गेली ना?"

"हो. त्याच्या आंधी एका बाईनं तिले बोलतं केलं व्हतं. कालदी जामनेरले पाह्यलं मी."

शैलाने विमलच्या आईला कधी पाहिलं नव्हतं. ती खिडकीकडे तोंड करून बसून राहिली.

"काय बोलते पोरगी?"

"समदंच सांगते. मारत व्हते, उपाशी ठेवत व्हते. मंग म्हनते, मायले निरोप धाडला, मले घेऊन जाय म्हनून. पन माय आली नाही."

"असं म्हनते?"

"समद्या बायांसमोर म्हनते."

"मंग आज आखीन काहून चालली? जीव जाळाले?"

"घरी तिचा फोटो हाये, अक्का. पन फोटो कुठी बोलते? तिथी ती 'माय' म्हनते."

जळगाव आलं. शैलाने नर्मदाबाईंना हात धरून खाली उतरवलं.

"तू बी सिनेमालेच चालली का, पोरी?"

"हो, आई. तुम्ही पहिल्या रांगेत बसा. तिथून नीट ऐकू येतं."