टॉवेलाखालची पितळी पट्टी

मी, गल्लीत 'टायपिस्टकाका' म्हणून ओळखला जाणारा, वय ६२ वर्षे, धंदा कोर्टातला टायपिस्ट (निवृत्त), राहणार शिंप्याच्या दुकानावरचा दुसरा मजला, समक्ष पोलीस ठाण्यात हजर राहून जबाब देतो की, हवालदारसाहेब एका बोटाने टाइप करत होते व पहिल्या ओळीतच वीस मिनिटे गेली. मला ते बघवेना. त्यांच्या परवानगीने सदर जबाब मीच टाइप करत आहे.

निवृत्तीनंतर माझी बोटे स्वस्थ बसेनात. जेवताना ताटावर, एरवी गुडघ्यावर, एकदा तर डॉक्टरांच्या टेबलावर टकटक चालू. पत्नीने हात टेकले. तेव्हा मुलीने पहिल्या पगारातून मला एक वस्तू आणून दिली. पितळेच्या दोन पट्ट्या, आत चुंबक, अंगठ्याने वरची सरकवली की कट् वाजते. तिथून मला हाताला चाळा देणाऱ्या खेळण्यांचा नाद लागला. आजमितीस माझ्याकडे एकसष्ट नग आहेत.

सदर पट्टी दोन वर्षांपूर्वी मुलीच्या लग्नाच्या दिवशी हरवली. मी फोटोग्राफरची बॅग तपासली. त्याचा राग धरून त्याने प्रत्येक फोटोत मला अर्धाच घेतला आहे.

मुलीचे सासरे चष्म्याचे दुकान चालवतात. त्यांनाही हाच नाद, हे लग्नानंतर कळले. दर रविवारी सकाळी दहा वाजता त्यांच्या दुकानामागच्या खोलीत आम्ही अदलाबदल करतो. नियम असा की आपापली वस्तू टॉवेलाखाली ठेवायची, डोळे मिटायचे आणि समोरच्याची वस्तू शंभर आकडे होईपर्यंत हाताळायची. चकाकीला भुलायचे नाही. 'पटलं' म्हटले की सौदा पक्का. वस्तू कागदात गुंडाळून न्यायची, घरी जाऊनच बघायची. यावर पत्नीचे म्हणणे 'घरचं झालं थोडं, व्याह्यानं धाडलं घोडं' असे आहे.

काल टॉवेलाखाली हाताला लागलेली वस्तू मला चौदा आकड्यांतच पटली. बदल्यात मी माझी सर्वांत चांगली स्टीलची भिंगरी दिली. घरी कागद सोडला तर माझीच पट्टी. स्वयंपाकघरात पडून कोपऱ्याला आलेला पोचासुद्धा तोच. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी फोनवर व्याह्यांना चोर म्हणालो. ते म्हणाले, "अहो, आमच्याच खिडकीत पडली होती. कोणाची म्हणून घरात विचारलं, कोणी बोललं नाही." मी म्हणालो, "ते पोलिसांना सांगा."

मग मुलीचा फोन आला. "बाबा, तक्रार केलीत तर मी या घरात कुठल्या तोंडाने राहू? आधी ऐकून तरी घ्या." मी ऐकून न घेता फोन ठेवला. त्याचे मला वाईट वाटते.

आज जबाब इथवर आला असता मुलगी ठाण्यात आली व म्हणाली, "लिहा बाबा. चोर मी आहे." लग्नाच्या दिवशी निघताना तिनेच पट्टी माझ्या कोटाच्या खिशातून काढली होती. "लहानपणापासून तुमच्या टाइपिंगच्या आवाजात अभ्यास केला मी. तिकडची माणसं चांगली आहेत, पण घर फार शांत आहे हो. मग खिडकीत बसून वाजवायचे." सासऱ्यांनी विचारले तेव्हा का बोलली नाहीस, असे मी विचारले. "एवढी घोडी झाले, बापाचं खेळणं चोरून आणलं, हे काय सांगणार?"

हवालदारसाहेब म्हणाले, "काखेत कळसा नि गावाला वळसा." मी तेही टाइप केले.

माझी व्याह्यांविरुद्ध तक्रार नाही. मी इथून थेट त्यांच्या दुकानात जाऊन माफी मागणार आहे. भिंगरी त्यांनी ठेवावी. पट्टी मुलीला द्यावी. सध्या पट्टी हवालदारसाहेबांच्या हातात असून अकरा वाजल्यापासून त्यांनी ती खाली ठेवलेली नाही.

लिहिण्यासारखे आता काही उरलेले नाही. मुलगी समोरच्या बाकावर भिंतीला डोके टेकून, डोळे मिटून बसली आहे. मी थांबलो की ती डोळे उघडते.

हा जबाब मी माझ्या हाताने टाइप केला, हवालदारसाहेबांनी मोठ्याने वाचला, तो माझ्या सांगण्याप्रमाणे बरोबर आहे. नियमाप्रमाणे दुसरी प्रत लागते. ठाण्यातला प्रिंटर चालू आहे. तरी दुसरी प्रत मी पुन्हा पहिल्या ओळीपासून टाइप करणार आहे.