स्वयंपाकघरात, असं लिहा

—न्हय, न्हय, बाय, खळ्यात नको, ते काढा. प्रतिज्ञापत्रावर स्वयंपाकघरात असं लिहा. वकिलांनी तसंच सांगितलंय, आमचे हे जे काय बोलले ते घराच्या आत, घरच्याच माणसांत बोलले. चारचौघांत कुणाची जात काढली तर अटकपूर्व जामीन मिळत नाही म्हणे, आत बोललं असलं तर थोडी वाट असते. खळं म्हणजे आमचं अंगण, चुकून आलं तोंडात. नाव सत्यवती, घातलंत ना? ह्यांचं तुम्ही पोलिसांच्या कागदावरून उतरून घ्या — बरं, घेते. रघुनाथ. चाळीस वर्षांत घेतलं नव्हतं बघा, आता ओळीओळीत घ्यायचं. पेडण्याला नणंदेकडे जाऊन बसलेत. साठी उलटलीय, प्रेशरच्या गोळ्याही घरीच विसरले. सोमवारी जामिनाचा अर्ज कोर्टात आहे, नामंजूर झाला तर पोलीस घेऊन जाणार त्यांना.

मागीर काय झालं? लिहायला विचारता की असंच? असंच होय. चवथीचा दुसरा दिवस. वाड्यावरची आरतीची माणसं आलेली, वीस तरी असतील — वीस लिहू नका. प्रवीण, ज्याने तक्रार केलीय तो, आरतीला घुमट वाजवतो, मातीचं. असा हात आसपासच्या गावांत कुणाचा नाही, हे आमचीच माणसं सगळीकडे सांगत फिरतात. बाकीचे आत गणपतीसमोर, तो खळ्यात उभा राहून वाजवतो. कुणी सांगितलेलं नाही हो त्याला, तसंच चालत आलंय. त्याची आई यशोदा आमच्याकडे भाताच्या लावणीला यायची, तीही बाहेर मागच्या दारीच बसायची. त्यांचा चहाचा कोप वेगळा, स्टीलचा, मागच्या भिंतीला खिळ्यावर अडकवलेला. मी तो चवथीला स्वतः घासते, अगदी लखलखीत.

यंदा चहा सुनेने नेला. गौरवी, कुडाळची, नवीच आलीय. तिला आधी सांगून ठेवायला हवं होतं मी, पण तोंडाने सांगायची लाज वाटली. सांगायची लाज वाटली, बघा, करायची कधी वाटली नाही. तिने एकाच ट्रेमधून सगळ्यांना कप दिले — फुलांचे, चवथीलाच काढतो ते. प्रवीणने घेतला. दोन घोट प्यायला असेल. मी आतून जनेलाच्या गजांआडून बघत होते. गप्प राहिले असते तर काय झालं असतं? काही नाही. ह्यांचं लक्षसुद्धा नव्हतं, पुढची आरती कुठली त्यावर वाद चाललेला. मीच ह्यांच्या कानाला लागले. म्हटलं, आमचा कप दिलाय त्याला. एवढंच. आवाजही चढवला नाही मी.

हे उठून बाहेर गेले, त्याच्या हातातला कप खाली पाडला, आणि जे बोलले ते मी परत तोंडावर आणणार नाही. घुमट त्याच्या गळ्यात तसंच. त्याने जनेलाकडे बघितलं, माझ्याकडे. त्याला कळलं, कुणी लावून दिलं ते. आता ते वीसही जण म्हणतात, आम्ही काही ऐकलं नाही. सून म्हणते, मी ऐकलंय, मी सही करणार नाही. म्हणून मी आले.

झालं? वाचा. — थांबा, ते मधलं परत वाचा. ‘प्रवीण आमच्या स्वयंपाकघरात बसून चहा पीत असताना.’ बसून — बाय, अकरा वर्षं वाजवतोय तो आमच्याकडे, उंबऱ्याच्या आत पाय टाकलेला नाही त्याने. टाकूच दिला नाही. उद्या त्याला कुणी विचारलं, त्यांच्या स्वयंपाकघरात काय काय आहे सांग, तर काय सांगेल तो? आणि मला विचारलं तर मी म्हणायचं, होय साहेब, मीच आत बोलावलं, पाट मांडला, चहा दिला. तुम्हांला दोन ओळी लागल्या बघा. एवढंच मी त्या दिवशी केलं असतं तर हा कागदच नको होता.

नाही, काढू नका. राहू दे. ह्या वयात त्यांना कोठडीत मी नाही बघू शकत. आणि इथे जागा मोकळी का सोडलीय? — कुठल्या कपातून, ते? तक्रारीत कपाचं आहे म्हणून?

फुलांच्या. लिहा. फुलांच्या कपातून, मी माझ्या हाताने दिला.

आणा, सही कुठे करायची? — झाली. आता माझ्याकडे असं बघू नका, बाय. तोही असाच बघत होता. आत नेऊन शिक्का मारून आणा, मला साखळीची बस गाठायचीय.